देदा, तसा नियम नव्हता

देदा, काल तुमचा नववा दिवस झाला. आमच्याकडे दहावा, तुमच्याकडे नववा. नीनाने गहू शिजवून त्यात मध आणि मनुका घातल्या होत्या. तुमच्या फोटोपुढे एक भरलेला पेला होता आणि त्यावर पावाचा तुकडा. आमची सुधा म्हणाली, "अगं, ही तर खीरच झाली की." नीना म्हणाली, "हो वहिनी, पण गार खायची." माणसं चारच होती. नीना, तुमचे जावई विद्याधर, सुधा आणि मी. नातवंडांना नीनाने शाळेत पाठवलं होतं. घरात बसून रडण्यापेक्षा बरं, म्हणाली.

आमच्या नाट्यमंडळाने तालमीच्या हॉलमधल्या फळ्यावर तुमच्यासाठी चार ओळी लिहायचं ठरवलं होतं. काम माझ्यावर आलं. जन्म कुठला, नाटकं किती, सिनेमे कोणते. मी खडू घेऊन उभा राहिलो आणि मला काहीच येईना. तुमच्या गावाचं नाव मला अजून धड उच्चारता येत नाही. शेवटी 'देदा' एवढंच लिहिलं आणि खडू ठेवला. नातवंडं तुम्हाला हाक मारायची ती हीच. देदा म्हणजे रशियन भाषेत आजोबा, हे बिल्डिंगला फार उशिरा कळलं. तोपर्यंत सगळे समजत होते, पोरं 'दादा' म्हणतायत आणि जीभ वळत नाहीये.

तुम्ही अंबरनाथला आलात तेव्हा डिसेंबर होता. रिक्षातून उतरलात ते केसाळ टोपी घालून, आणि कपाळावरून घाम गळत होता. आम्ही खालच्या मजल्यावर, तुम्ही वर. विद्याधर पंधरा-सोळा वर्षांपूर्वी इंजिनिअरिंग शिकायला तिकडे गेला होता आणि येताना नीनाला घेऊन आला. ती, सासू होती तोवर, तिच्या हाताखाली मराठी शिकली, पुरणपोळी शिकली, आणि सकाळी आठला शाळेत शिकवायला जायला लागली. मग तुमचा देश मोडला. तुम्ही चाळीस वर्षं ज्या थिएटरात काम केलंत ते बंद पडलं. नीनाची आई आधीच गेली होती. नीना तुम्हाला घेऊन आली. एवढंच मला माहीत होतं, आणि खरं सांगायचं तर एवढ्यात माझं भागत होतं.

पहिला महिनाभर आपण जिन्यात भेटायचो. तुम्ही मान झुकवायचात, मी नमस्कार करायचो. एका रविवारी मी भाजी घेऊन येत होतो आणि तुम्ही माझ्या पुढे जिना चढत होतात. डावा खांदा खाली, मान जरा पुढे, दर चौथ्या पायरीला एक छोटा थांबा. मी थबकलो. तो माणूस मी होतो. फॅक्टरीच्या लॅबमध्ये उभं राहून राहून माझी पाठ तशी झाली आहे हे मला सुधाने अनेकदा सांगितलं होतं, पण मी कधी बघितलं नव्हतं. मला इतका राग आला की भाजीची पिशवी दारात टाकून मी तसाच वर गेलो.

"विद्याधर, तुझे सासरे माझी टिंगल करतात."

विद्याधरचा चेहरा पडला. नीना स्वयंपाकघरातून हात पुसत आली. मी सांगितलं ते तिने तुम्हाला सांगितलं. तुम्ही लाल झालात, दोन्ही हात छातीवर ठेवलेत आणि भराभर बोलायला लागलात.

"मोहनभाऊजी, ते माफी मागतायत," नीना म्हणाली. "टिंगल नाही. ते तुम्हाला शिकत होते."

"मला? कशासाठी?"

"कशासाठी असं नाही. ते सगळ्यांना शिकतात. भाजीवालीला शिकले, पोस्टमनला शिकले. तुम्ही अवघड आहात म्हणतात."

त्या दिवशी तुम्ही आल्बम काढलात. एकेक पान उलटत होतात आणि नीना सांगत होती. हा पोस्टमन. हा गावचा डॉक्टर. हा लग्नात दारू पिऊन रडणारा काका. हा हिशेबनीस, हा न्हावी, हा पाद्री, हा पुन्हा पोस्टमन. प्रत्येक फोटोत मी तुम्हाला शोधत होतो आणि नीना बोट ठेवेपर्यंत तुम्ही सापडत नव्हतात.

"आणि हिरो?" मी विचारलं.

नीनाने तुम्हाला विचारलंसुद्धा नाही. "कधीच नाही," ती म्हणाली.

मी आमच्या मंडळाचा नट आणि लेखक आणि दिग्दर्शक. पंधरा वर्षं मीच हिरो. मला तुमची कीव आली, देदा. आज हे लिहिताना लाज वाटते, पण आली.

मग तुम्ही तिकीट खिडकीची गोष्ट सांगितलीत. सिनेमात तुमचा अकरा सेकंदांचा रोल होता, नायिकेला तिकीट देणारा बाबू. त्यासाठी तुम्ही गावच्या स्टेशनवर आठवडाभर खिडकीमागे बसलात आणि खरी तिकिटं दिलीत. मी म्हटलं, "अकरा सेकंदांसाठी आठवडा?" तुम्ही मला काय म्हणालात ते नीनाला दोनदा विचारावं लागलं. तुम्ही म्हणालात, "तो बाबू तिथे वीस वर्षं बसलेला होता. मी त्याला एक आठवडा तरी द्यायला नको?"

त्यानंतर तुम्ही तालमीला यायला लागलात. शाळेच्या हॉलमध्ये मागच्या बाकावर बसायचात, मांडीवर टोपी. एक अक्षर कळत नसताना दोन-दोन तास. "या", "बसा", "चहा", "पुरे" हे शब्द तुम्हाला आले होते. तालमीत पाचवा मिळाला. मी दर पाच मिनिटांनी ओरडायचो ते "अजून एकदा". तुम्ही ते इतकं हुबेहूब ओरडायला शिकलात की एकदा सगळे नट माझ्याकडे बघून पहिल्यापासून सुरू झाले आणि मी तोंडसुद्धा उघडलं नव्हतं.

दिवसभर मात्र तुम्ही एकटे असायचात. सकाळी आठ ते दुपारी चार. नीना शाळेत, विद्याधर कंपनीत, पोरं त्यांच्या शाळेत. सुधा घरी असायची. ती एकदा मला म्हणाली, "वर देदा बोलत असतात. चांगले तासभर. मध्येच हसतात, मध्येच कोणाला तरी दटावतात. मला वाटलं पाहुणे आलेत, म्हणून थालीपीठ घेऊन गेले. घरात कोणीच नव्हतं." तुम्ही तुमची जुनी कामं म्हणत होतात. फक्त तुमची वाक्यं नाहीत, समोरच्यांचीसुद्धा. त्यातले बरेच जण आता नाहीत, असं नीनाने नंतर सांगितलं. सुधा त्या दिवसापासून रोज काहीतरी घेऊन वर जायची आणि तुमचं नाटक संपेपर्यंत दाराबाहेर उभी राहायची. मध्ये शिरू नये असं तिला वाटायचं. मी एकदाही गेलो नाही. मी कामावर असायचो हे खरं, पण अर्धी रजा काढता आली असती.

आता नाटकाचं. तुम्हाला ते पाठ होतं, पण मला पहिल्यापासून सांगू दे.

नाटक माझं होतं. मुलगा दुबईला नोकरीला निघालाय आणि बापाची परवानगी मागतोय. बापाला अर्धांगवायू झालाय, बोलता येत नाही. मुलगा दोन अंक बापाशी भांडतो, स्वतःच बापाची उत्तरं देतो, स्वतःच ती खोडतो. मुलगा मी. बाप आमचा गायकवाड, अंबरनाथच्याच एका कारखान्यात फिटर. नाट्यस्पर्धेच्या प्राथमिक फेरीला तीन आठवडे राहिले आणि गायकवाडला कावीळ झाली. डॉक्टरांनी महिनाभर अंथरुणातून उठायचं नाही म्हणून सांगितलं. माझ्याकडे दुसरा म्हातारा नव्हता.

तुम्ही मागच्या बाकावरून उठलात, मंचावर आलात, बापाची खुर्ची उचललीत आणि ती पाठमोरी ठेवलीत. अगदी पाठमोरी नाही, जराशी तिरकी, कानामागचा भाग दिसेल एवढी. मग बसलात.

"अरे पण गोरा माणूस आपला बाप कसा दाखवणार?" कोणीतरी म्हणालं.

त्याचं उत्तर तुम्ही पुढच्या आठवड्यात दिलंत. रोज सकाळी तुम्ही पूल ओलांडून शिवमंदिराकडे जायला लागलात. तिथे देवळाबाहेर म्हातारे बसतात, त्यांच्यात जाऊन बसायचात. पहिल्या दिवशी ते तुम्हाला पर्यटक समजले. चौथ्या दिवशी त्यांतल्या एकाने तुम्हाला बशीतून चहा कसा प्यायचा ते शिकवलं. बशी दोन्ही हातांनी धरायची, फुंकर मारायची आणि आवाज करत ओढायचा. आठव्या दिवशी मी तुम्हाला न्यायला आलो आणि दोन मिनिटं शोधत राहिलो. तुम्ही समोरच होतात, एक गुडघा पोटाशी घेऊन बसलेले.

मग आपण उल्हासनगरला कपडे घ्यायला गेलो. सदरा, पायजमा आणि माकडटोपी. दुकानदार सिंधी म्हातारा होता, गल्ल्यावर बसलेला. तुम्ही माकडटोपी घातलीत आणि आरशात स्वतःकडे बघून इतके खूश झालात की दुकानातली बायकामाणसं हसायला लागली.

"साईं, ये अंग्रेज कहाँ से पकड़ा?" म्हाताऱ्याने मला विचारलं.

"अंग्रेज नहीं, रशिया का है. उधर इनका देश टूट गया, इसलिए बेटी के पास आया है."

म्हातारा हसायचा थांबला. त्याने आतून पापड आणि पाणी मागवलं, गल्ल्यावरून उतरला आणि तुमच्या शेजारी गादीवर बसला. तुम्ही दोघे पापड खात होतात. एक शब्द बोलला नाहीत. अर्ध्या तासाने मी घड्याळ बघायला लागलो तर तो मलाच दटावून म्हणाला, "बैठने दो ना इनको. तुमको जल्दी है तो तुम जाओ."

आपलं भांडण शेवटच्या प्रवेशावरून झालं. मी लिहिलं होतं, मुलगा बॅग उचलून निघतो आणि बाप हुंदके देऊन रडतो, खांदे हलतात, पडदा. तुम्ही रडायला तयार नव्हतात. तुम्ही पाय वापरलात. मुलगा निघतो, आणि बापाचा एक धड पाय खुर्चीखाली चप्पल शोधायला लागतो. त्याला उठायचंय, मुलाला दारापर्यंत सोडायला. चप्पल सापडत नाही. पाय शोधत राहतो. पडदा.

"शेवटच्या रांगेतल्या माणसाला हे दिसणार नाही," मी म्हटलं. नीना मध्ये उभी राहून भाषांतर करत होती.

"एकाला दिसेल," तुम्ही म्हणालात.

"मला सगळ्यांना दाखवायचंय."

"मग तू मोठी चप्पल आण," तुम्ही म्हणालात, आणि नीनाला हसू आवरेना.

मला ते पटलं नव्हतं, देदा. अजून पूर्ण पटलेलं नाही. स्पर्धेच्या हॉलमध्ये बाराशे खुर्च्या असतात आणि चप्पल एक. पण वेळ नव्हता, म्हणून मी हो म्हटलं.

प्राथमिक फेरीचा प्रयोग उल्हासनगरला झाला. पडदा पडला तेव्हा टाळ्या लगेच आल्या नाहीत. मला वाटलं, पडलं नाटक. मग आल्या. परीक्षक आत आले, तिघे. त्यांतले वयस्कर होते त्यांनी पहिलं वाक्य उच्चारलं ते असं: "वडिलांचं काम कोणी केलं? बोलवा त्यांना." तुम्ही आलात, माकडटोपी काढलीत, आणि तुमचे पांढरे-पिवळे केस आणि निळे डोळे बघून तो माणूस दोन पावलं मागे सरला. मग त्याने वाकून तुमच्या पायाला हात लावला. तुम्ही गोंधळून त्याच्या खांद्याला धरलंत.

जाताना तो माझ्याकडे वळला. "तुम्ही बोलता छान," तो म्हणाला. "पण तुम्ही वडिलांचं ऐकत नव्हता. तुमची पाळी कधी येते याची वाट बघत होता."

नाटक अंतिम फेरीत गेलं. सगळे नाचले. मीही नाचलो. पण घरी आलो ते परीक्षकाचं ते एकच वाक्य घेऊन. पंधरा वर्षं मी हे मंडळ चालवतोय, नाटक माझं, दोन अंक बोलतोय मी, आणि लोक बोलतायत ते एका पाठीबद्दल. दुसऱ्या दिवशी बाजारात दोघांनी थांबवलं, "ते रशियन आजोबा काय काम करतात हो!" माझं नाव कोणी घेतलं नाही. आठवड्याभरात गायकवाड बरा होऊन तालमीला आला.

आणि मी सांगितलं, अंतिम फेरीत परदेशी नागरिक चालत नाही. नियम आहे.

इतकं सोपं होतं ते. कोणी विचारलं नाही कुठला नियम. आम्ही सगळे नोकरदार माणसं, नियम म्हटलं की मान डोलावणारी. फक्त सुधाने घरी विचारलं, "कुठे लिहिलाय? दाखव मला." मी तिच्यावर ओरडलो. तिने पुन्हा विचारलं नाही, आणि पुढे कित्येक दिवस ती माझ्याशी कामापुरतंच बोलली.

तुम्हाला सांगायला मी वर आलो. नीनाने माझं वाक्य तुम्हाला सांगितलं. तुम्ही ऐकलंत, खिडकीबाहेर बघितलंत आणि काहीतरी म्हणालात.

"काय म्हणाले?" मी विचारलं.

"म्हणतायत, गायकवाडांना उद्यापासून पाठवा माझ्याकडे."

तुम्ही त्याला सात दिवस शिकवलंत. तो ड्युटीवरून थेट तुमच्याकडे यायचा. तुम्ही त्याला बशीतला चहा शिकवलात, हो, अंबरनाथच्या माणसाला! तुम्ही त्याला पाय शिकवलात. अंतिम फेरीला तुम्ही प्रेक्षकांत होतात, शेवटच्या रांगेत. तिकीट पुढचं असताना तुम्ही मागे जाऊन बसलात. तिथून चप्पल दिसते का ते बघायला बसलात, हे मला कळलं होतं.

गायकवाडने सगळं बरोबर केलं. मीही. आम्हाला काहीच मिळालं नाही. परत येताना सेटचं सामान टेम्पोत होतं आणि तुम्ही हट्टाने टेम्पोत बसलात, बापाच्या खुर्चीवर, आणि माझा हात धरून ठेवलात अंबरनाथ येईपर्यंत. त्या हातात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं.

मला तुम्हाला सांगायचं होतं, देदा. पहिल्या आठवड्यातच सांगायचं होतं. पण तुमच्याशी मला जे काही बोलायचं ते नीनाच्या तोंडून बोलावं लागायचं. 'मी तुझ्या वडिलांशी खोटं बोललो' हे मी नीनाला कसं सांगू, आणि तिने ते स्वतःच्या वडिलांना कसं सांगावं? मी रोज उद्यावर ढकलत गेलो. एक वर्ष गेलं. तुमच्या पायांवर सूज आली, छातीत पाणी झालं. शिवमंदिराकडे जाणं बंद झालं, मग तालीम, मग जिना. देवळाबाहेरचे दोन म्हातारे तुम्हाला बघायला आले आणि तीन मजले चढून दमून तुमच्या पलंगावरच बसून राहिले.

तेव्हा मी बदलापूरला गेलो. तिथे एक निवृत्त गृहस्थ राहतात, यंत्रांच्या ट्रेनिंगसाठी दोन वर्षं तिकडे राहून आलेले. मी त्यांना म्हटलं, मला रशियन शिकायचं नाही, मला दोन वाक्यं हवीत. त्यांनी कोणती म्हणून विचारलं. मी सांगितली. त्यांनी ती देवनागरीत चिठ्ठीवर लिहून दिली. 'तसा नियम नव्हता. खोटं बोललो.' एवढीच. चार रविवार मी त्यांच्याकडे जाऊन ती घोकली.

गेल्या महिन्यातली ती दुपार. मी अर्धी रजा घेतली होती. नीना शाळेत होती. तुम्ही उशांना टेकून बसला होतात. "या," तुम्ही म्हणालात, "बसा." मी बसलो नाही. उभं राहून म्हटलं, "प्राविला न्येबिला. सोल्गल."

तुम्ही कपाळाला आठ्या घातल्यात. कळलं नव्हतं. मी पुन्हा म्हटलं. तुम्ही बोट वर केलंत आणि म्हणालात, "सल्गाऽल." जोर शेवटी द्यायचा होता. मी म्हटलं, "सल्गाल." तुम्ही मान हलवलीत.

"अजून एकदा," तुम्ही म्हणालात. मराठीत.

मी पुन्हा पहिल्यापासून म्हटलं, दोन्ही वाक्यं. या वेळी ती बरोबर आली असावीत, कारण तुमचं बोट खाली आलं. तुमच्या चेहऱ्यावरचा मास्तर गेला. मी आयुष्यात पहिल्यांदा कोणाचं तरी ऐकायला उभा होतो, पुढचं वाक्य माझ्याकडे नव्हतंच. बाहेर भंगारवाला ओरडत गेला. तुम्ही स्वतःच्या हातांकडे बघितलंत. मग अगदी हळू म्हणालात, "या तोझे."

मला वाटलं तुम्ही मराठी बोलताय. 'या' तुम्हाला येत होतं. 'तुझे' सुधाकडून कानावर पडलं असेल. या, तुझे. काय माझं? ती खुर्ची माझी? ते काम तुझंच होतं, घे, असं? मी मान डोलावली आणि घरी आलो. महिनाभर ते दोन शब्द घेऊन फिरत होतो. कधी वाटायचं तुम्ही माफ केलंत, कधी वाटायचं टोमणा मारलात. पुन्हा विचारायची हिंमत झाली नाही. आणि एका दुपारी सुधा थालीपीठ घेऊन वर आली तेव्हा तुम्ही खुर्चीत बसल्या बसल्या गेला होतात.

इथल्या चर्चच्या फादरनी फारसे प्रश्न न विचारता जागा दिली. तुम्हाला मातीत ठेवताना खांद्याला गायकवाड होता, मी होतो, आणि देवळाबाहेरच्या म्हाताऱ्यांपैकी एक, अनवाणी.

काल जेवण झाल्यावर विद्याधर सुधाला खाली सोडायला गेला. नीना भांडी आवरत होती. ती म्हणाली, "विद्याधरची बदली झालीय, जूनमध्ये आम्ही जाणार. भाऊजी, वर्षातून एकदा तरी बाबांकडे जाल ना? फुलं नकोत. नुसतं जाऊन या." तेव्हा मला राहवलं नाही. मी सगळं सांगितलं. नियमाचं, परीक्षकाचं, बाजारातल्या माणसांचं. तिने हातातलं भांडं खाली ठेवलं. मग म्हणाली, "मला आत्ता तुम्हाला ठीक आहे असं म्हणता येत नाही, भाऊजी."

"म्हणू नकोस," मी म्हटलं. मग त्या दुपारचं सांगितलं. "शेवटी ते म्हणाले, या, तुझे. मला अर्थ नाही लागला."

"काय म्हणाले? नीट सांगा."

"या तोझे."

नीना स्टुलावर बसली. "ते मराठी नाही," ती म्हणाली. "ते आमचं आहे. 'मीसुद्धा.' तुम्ही म्हणालात खोटं बोललो. ते म्हणाले, मीसुद्धा."

"कोणाशी?"

"माहीत नाही." ती तुमच्या फोटोकडे बघत होती. "मला कधी सांगितलं नाही. आईला सांगितलं असेल की नाही, तेही माहीत नाही."

चाळीस वर्षांतला कोण तो, देदा? ज्याचं काम तुम्ही घेतलंत, की ज्याला तुम्ही नियम सांगितलात? तो तुमच्या दुपारच्या नाटकांत असायचा का? स्वतःच्या मुलीला सांगितलं नाहीत ते तुम्ही मला सांगितलंत, आणि मला ते कळणार नाही हे तुम्हाला पक्कं माहीत होतं. म्हणूनच सांगितलंत, असं मला आज वाटतं. मी तुमच्या इतक्या जवळ उभा होतो, आणि तुम्ही तेव्हासुद्धा त्या खोलीत एकटेच होतात.

संध्याकाळी मी हॉलवर गेलो. नवीन नाटकाची तालीम होती, नऊ माणसं होती. मी तालमीआधी नियमाचं सांगितलं, उभं राहून. तुमच्यासारखी सोय मला नव्हती. तिथे सगळ्यांना मराठी येत होतं.

मग गायकवाडने विचारलं, "देदांना सांगितलं होतंस?"

"सांगितलं."

"आणि मला आज सांगतोस." त्याने पायात चपला सरकवल्या. "मी सात दिवस त्यांच्यासमोर बसत होतो रे. मला वाटायचं, बिचाऱ्यांचं नशीब. ते माझ्याकडे बघून काय म्हणत असतील?" तो गेला. त्याच्यामागून दोघे गेले, मग बाकीचे. कोणी दार आपटलं नाही. एकाने जाता जाता पंखा बंद केला.

गुरुवारी पुन्हा तालीम आहे. कोण येईल, मला सांगता येत नाही. मी सहाला हॉल उघडून बसणार आहे.